चौरस हा आयत असतो की नसतो? आठवीच्या चौकोनांवरून घरात वाद चाललाय

आठवीची_आई:
नमस्कार मंडळी. मुलगी आठवीत आहे, स्टेट बोर्ड, सेमी. परवा घटक चाचणीचा पेपर घरी आला, त्यात एक प्रश्न होता, सहा आकृत्या दिलेल्या आणि यातले आयत कोणते ते लिहा. हिने दोन लांबट आयत लिहिले आणि त्याबरोबर चौरसाचाही नंबर लिहिला, तर चौरसावर काट मारून मार्क कापलाय आणि बाजूला लिहिलंय की चौरस वेगळा, आयत वेगळा. हिचं म्हणणं असं की पुस्तकात चारही कोन काटकोन असले की आयत असं दिलंय, मग चौरसाचे कोन काटकोन नाहीत का? बाबा म्हणतात आयत म्हणजे लांबी जास्त रुंदी कमी, आम्हाला असंच शिकवलेलं. मला मुलीचं पटतंय पण ठामपणे सांगता येत नाहीये.

दुसरं म्हणजे गुणधर्म. वहीच्या मागच्या पानावर मोठा तक्ता केलाय तिने, समांतरभुज, आयत, समभुज, चौरस, समलंब, पतंग, आणि प्रत्येकापुढे बाजू कशा, कोन कसे, कर्ण कसे. पाठ करते आणि लगेच विसरते, कुणाचे कर्ण समान आणि कुणाचे काटकोनात छेदतात यात तर दरवेळी गोंधळ. पाठांतर सोडून काही मार्ग आहे का?

आणि तिसरं, पुण्याला तिचा मावसभाऊ सीबीएसईला आहे, तो म्हणतो समांतरभुज चौकोन हा समलंब पण असतो, आणि हिच्या पुस्तकाप्रमाणे नसतो. दोघंही बरोबर कसे असतील? शिष्यवृत्तीची परीक्षा द्यायचीय तिला म्हणून विचारतेय, जाणकारांनी जरा सविस्तर सांगा प्लीज.


खडूफळा:
ताई, तुमच्या मुलीचं उत्तर बरोबर आहे, शंभर टक्के. चौरस हा आयत असतोच. आयताच्या व्याख्येत एकच अट आहे, चारही कोन काटकोन. लांबी रुंदीपेक्षा जास्त पाहिजे असं त्यात कुठेही लिहिलेलं नाही, ते आपण चित्र बघून मनाने जोडतो. आणि खरं तर चार कोन तपासायचीही गरज नाही, तीन काटकोन निघाले की चौथा होतोच कारण चौकोनाच्या कोनांची बेरीज ३६०.

मी हायस्कूलला बरीच वर्षं गणित शिकवलंय आणि हा गोंधळ दर बॅचला बघितलाय. मुलांना मी एवढंच सांगायचो की एखादा माणूस नाशिककर आहे म्हणून तो महाराष्ट्रातला नाही असं होतं का? नाशिककर हे जास्त नेमकं नाव झालं, महाराष्ट्रातला हे त्याहून मोठ्या गटाचं. तसं चौरस हे नेमकं नाव, आयत हा मोठा गट, समभुज चौकोन हा दुसरा मोठा गट, आणि चौरस या दोन्ही गटांत एकाच वेळी बसतो. आयत आणि समभुज हे दोन्ही गट परत समांतरभुज चौकोनाच्या पोटात.

आता तिच्या बाबांचं म्हणणं निव्वळ काढून टाकण्यासारखं नाही हेही सांगतो. ग्रीक गणिती युक्लिडने इसवी सनापूर्वी ३०० च्या सुमारास भूमितीचे जे ग्रंथ लिहिले त्यातल्या पहिल्या भागातली बावीसावी व्याख्या बघितली तर तिथे चौकोनांची वाटणी अगदी त्यांच्यासारखीच केलेली आहे, चौरस म्हणजे बाजू समान आणि कोन काटकोन, आयत म्हणजे कोन काटकोन पण बाजू समान नाहीत, समभुज म्हणजे बाजू समान पण कोन काटकोन नाहीत, म्हणजे एक आकृती एकाच खणात. तेव्हा ही पद्धत जुनी आहे आणि ती मूर्खपणाची अजिबात नव्हती. पण तिची अडचण अशी की एक गोष्ट चार वेळा सिद्ध करावी लागते. समांतरभुज चौकोनाचे कर्ण परस्परांना दुभागतात हे एकदा सिद्ध केलं की आजच्या व्याख्यांप्रमाणे ते आयताला, समभुजाला, चौरसाला फुकटात मिळतं, कारण ते सगळे समांतरभुजच आहेत. वेगवेगळे खण केले की प्रत्येकासाठी सिद्धता नव्याने. म्हणून आज शाळेत आणि शाळेबाहेरही गट आत गट अशीच व्याख्या वापरतात आणि आपल्या बोर्डाचं पुस्तकही चौरस आयताबद्दल तेच करतं.

मुलांना हे पटायला वेळ का लागतो यावर नेदरलँड्समधल्या एका शिक्षक नवराबायकोने फार चांगलं काम केलंय, पिएर व्हान हिले आणि डिना व्हान हिले-गेल्डोफ, दोघांचे प्रबंध १९५७ चे, उट्रेख्त विद्यापीठातले. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं की मूल आधी आकार नुसता दिसण्यावरून ओळखतं, दाराच्या आकाराचा तो आयत. मग गुणधर्म दिसायला लागतात, बाजू समान, कोन काटकोन, पण सुटे सुटे. आणि त्यापुढच्या पायरीवर कळतं की हा गुणधर्म असला की तो आपोआप येतो आणि म्हणून एक गट दुसऱ्याच्या आत बसतो. तुमची मुलगी या तिसऱ्या पायरीवर पोचलीय, व्याख्या वाचून तिने स्वतः निष्कर्ष काढलाय. त्याचं मनापासून कौतुक करा, मार्क गौण आहे.

मार्काचं म्हणाल तर पेपर आणि पुस्तक घेऊन शांतपणे शाळेत जा, व्याख्येच्या ओळीवर बोट ठेवा आणि विचारा की यातली कुठली अट चौरस मोडतो. वर्गासमोर नको, स्टाफरूममध्ये. बहुतेक शिक्षक ऐकून घेतात.


साईटवाला_सोलापूर:
मी सिव्हिलवाला, साईट सुपरवायझर. सरांनी पुस्तकाचं सांगितलं, मी लाईनआऊटचं, म्हणजे प्लॉटवर दोऱ्या ताणून बांधकामाची आखणी करतात त्याचं सांगतो कारण चौकोनाचा हा धडा आमच्या पोटापाण्याचा आहे.

समजा प्लॉट ३० बाय ४० चा. नवीन पोरगं टेप घेऊन चारही बाजू मोजतं, ३०, ४०, ३०, ४०, आणि म्हणतं झालं साहेब, बरोब्बर आहे. नाही झालं! समोरासमोरच्या बाजू सारख्या आल्या म्हणजे फक्त समांतरभुज चौकोन आहे एवढंच कळलं, काटकोनात आहे हे कुठे कळलं. आम्ही लगेच कर्ण मारतो. ३० आणि ४० च्या काटकोनाला कर्ण ५० च यायला पाहिजे, दोन्ही बाजूने ५०. समजा कोपरा ९० च्या जागी ८० अंशाचा झाला, तर बाजू त्याच राहून एक कर्ण ५४ फूट येतो आणि दुसरा साडेपंचेचाळीसच्या जरा वर. म्हणजे आठ फुटांचा फरक, आंधळ्यालाही कळेल. आणि गंमत बघा, क्षेत्रफळात फरक पडतो फक्त अठरा चौरस फुटांचा, १२०० च्या जागी ११८२. म्हणजे क्षेत्रफळावरून चूक पकडायला जाल तर निसटेल, कर्णावरून लगेच सापडते. जमिनीच्या उताऱ्यावरचं क्षेत्रफळ बघून कोपरा कळत नाही, टेप तिरकी धरल्यावरच कळतो.

छोट्या खोलीत गवंडी गुण्या, म्हणजे काटकोनी पट्टी, लावतो, कोपऱ्यात बसवला की दिसतं. पण गुण्या दीड दोन फुटाचा, त्यावर चाळीस फुटाची दोरी ताणली की बारीकशी चूक शेवटाला वीतभर होते. म्हणून मोठ्या कामाला ३-४-५, एका दोरीवर ३ मीटर, दुसरीवर ४, आणि तिरकं ५ जुळेपर्यंत दोरी सरकवायची.

अजून एक, नुसते कर्ण समान आले म्हणूनही आयत समजू नका. पुढची बाजू २८ आणि मागची ३२ आणि दोन्ही कडेच्या भिंती सारख्या तिरक्या, तरी कर्ण सारखेच येतात, तो समद्विभुज समलंब झाला. म्हणून नियम असा की आधी समोरासमोरच्या बाजू जुळवा, मगच कर्ण. दोन्ही जुळलं की आयत, आणि चारही बाजू एकच आल्या तर चौरस, तरी आमच्या भाषेत तो पण काटकोनातच. ताई, पोरीला घराची एखादी खोली टेपने मोजायला लावा, फरशीवाल्याने कुठे तिरकी फरशी कापलीय ते लगेच सापडेल तिला.


चाळीसगावकर:
साईटवाले दादा, तुम्ही जे म्हणताय की चार बाजूंनी चौकोन ठरत नाही, ते आमच्या भास्कराचार्यांनी ११५० साली लीलावतीत लिहून ठेवलंय आणि तेही किती कडक शब्दांत. आमचे म्हणायचं कारण चाळीसगावजवळ पाटणादेवीला त्यांच्या घराण्याचा शिलालेख आहे, त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापन केला त्याबद्दलचा.

तर मुद्दा असा. त्यांच्या आधीच्या ब्रह्मगुप्त या गणितीने ६२८ मध्ये चार बाजूंवरून क्षेत्रफळ काढायचं सूत्र दिलं, चारही बाजूंच्या बेरजेचं निम्मं घ्यायचं, त्यातून एकेक बाजू वजा करायची, चारही वजाबाक्या गुणून वर्गमूळ. सूत्र सुंदर आहे पण ते चक्रीय चौकोनालाच लागू पडतं, म्हणजे ज्याचे चारही कोपरे एका वर्तुळावर बसतात. भास्कराचार्यांनी सांगितलं की चौकोनाला हे सूत्र नेमकं नाही, त्रिकोणाला नेमकं आहे. कारण त्याच चार बाजू ठेवून समोरासमोरचे दोन कोपरे आत दाबले की दुसरे दोन बाहेर जातात, कर्ण बदलतात, क्षेत्रफळ बदलतं. आणि पुढे म्हणतात की कर्ण किंवा लंब काहीच न सांगता जो चौकोनाचं नक्की क्षेत्रफळ विचारतो तो पिशाच, आणि जो उत्तर देतो तो त्याहून मोठा!

त्यांचं उदाहरण तर मुलीला जरूर सोडवायला द्या. चारही बाजू २५. एक कर्ण ३० धरला तर दुसरा ४० येतो आणि क्षेत्रफळ ६००. एक कर्ण १४ धरला तर दुसरा ४८, क्षेत्रफळ ३३६. आणि दोन्ही कर्ण समान केले की तो चौरस, क्षेत्रफळ ६२५. पडताळा सोपा आहे, कर्ण एकमेकांना काटकोनात दुभागतात म्हणून १५-२०-२५ आणि ७-२४-२५ हे काटकोन त्रिकोण मिळतात. ब्रह्मगुप्ताचं सूत्र लावलं तर कायम ६२५ च येतं, कारण समभुज चौकोन वर्तुळात बसतो तो फक्त चौरस असतानाच. एका उदाहरणात समभुज आणि चौरसातला फरक इतका स्वच्छ दिसतो की मला आठवीच्या पुस्तकात हे हवंच होतं असं वाटतं.

आणि यातून एक मोठी गोष्ट कळते ती म्हणजे त्रिकोणात बाजू समान झाल्या की कोन समान होतातच आणि उलटही. चौकोनात तसं नाही. बाजू समान केल्या तर समभुज मिळतो, कोन समान केले तर आयत मिळतो, दोन वेगळ्या वाटा. म्हणून चौकोनाची वर्गवारी करताना बाजू वेगळ्या विचाराव्या लागतात आणि कोन वेगळे. चौरस तिथे जिथे दोन्ही वाटा मिळतात.


आठवीची_आई:
वा, किती छान सांगितलंत सगळ्यांनी. ते २५ चं उदाहरण वाचून हिने लगेच खराट्याचे हीर सारखे तोडले आणि सायकलच्या दुकानातून व्हॉल्व्ह ट्यूब आणली, तिचे छोटे तुकडे करून कोपरे जोडले. चौकोन नुसता हाताने ढकलला की तिरका होतो, बाजू त्याच, आणि त्रिकोण केला तो जराही हलत नाही. शेवटी दाबत दाबत पार चपटा केला तेव्हा तीच म्हणाली की आई आता क्षेत्रफळ शून्य झालं तरी बाजू त्याच आहेत. बाबापण बघत बसले होते. आता मला कुणी तक्त्याचं सांगा, कर्णांचं अजून तसंच अडलंय. आणि समलंबाचं राहिलंच.


खडूफळा:
ताई, ही व्हॉल्व्ह ट्यूब आणि काड्यांची युक्ती अरविंद गुप्तांनी शाळाशाळांत पोचवली, पुण्याला आयुका या खगोलशास्त्राच्या संस्थेतल्या विज्ञान केंद्रात वर्षानुवर्षं त्यांनी असल्या साध्या वस्तूंतून खेळणी करून दाखवली. हीर ओले घेऊ नका फक्त, वाळले की ट्यूबमधून निसटतात. हलणारा चौकोन जपून ठेवा, एक हीर कर्णावर बसवला की हलणं थांबतं तेही दाखवा तिला, छपराच्या कैच्यांमध्ये तिरक्या पट्ट्या का असतात ते आपोआप कळेल.


बिंदूरेषा:
कर्णांबद्दल मी सांगतो. तक्ता उलटा वाचायचा. चौकोन काढून त्याचे कर्ण कसे आहेत ते पाठ करू नका, आधी कर्ण काढा आणि मग चौकोन काय होतो ते बघा. कोरा कागद घ्या, दोन रेघा मारा एकमेकींना छेदणाऱ्या, आणि चार टोकं क्रमाने जोडा. झाला चौकोन. आता त्या दोन रेघांना फक्त तीन प्रश्न विचारायचे, एकमेकींना मधोमध छेदतात का, लांबीला सारख्या आहेत का, काटकोनात आहेत का.

मधोमध छेदल्या की समांतरभुज, बस, बाकी काही असो नसो. त्यात लांबी पण सारखी केली तर आयत. लांबी वेगळी ठेवून काटकोनात केल्या तर समभुज. मधोमध, सारख्या, काटकोनात, तिन्ही हो आले तर चौरस. पाठ करायला काहीच उरलं नाही ना? कारण आयत आणि चौरसात लांबी सारखी आहे, समभुज आणि चौरसात काटकोन आहे, चौरस दोन्हीकडे आहे, जे वर सरांनी गटात गट म्हणून सांगितलं तेच कर्णांच्या भाषेत.

आता मधोमध छेदत नसतील तर? एकच रेघ दुसरीला बरोबर मध्यावर आणि काटकोनात कापत असेल तर पतंग, म्हणजे एक कर्ण दुसऱ्याचा लंबदुभाजक, पुस्तकातली पतंगाची व्याख्या हीच आहे. आणि दोन्ही रेघा सारख्या लांबीच्या असून छेदबिंदूपासून वरचे दोन तुकडे एकमेकांइतके आणि खालचे दोन एकमेकांइतके असतील तर समद्विभुज समलंब, साईटवाल्या दादांचा तो २८-३२ वाला. पोरं फसतात ती इथे, कर्ण समान आणि काटकोनात दिले की डोळे मिटून चौरस लिहितात. मधोमध छेदतात असं दिलंय का ते बघितल्याशिवाय चौरस म्हणायचं नाही. दोन सारख्या रेघा काटकोनात मारा पण छेदबिंदू एका बाजूला सरकवा, चौरस अजिबात येत नाही, स्वतः काढून बघायला सांगा.

माझं काम सर्व्हेच्या ड्रॉइंगवर चालणाऱ्या सॉफ्टवेअरचं आहे, तिथे चार बिंदू येतात आणि प्रोग्रामला सांगायचं असतं हा चौकोन कुठल्या प्रकारचा. तिथे तपासायचा क्रम फार महत्त्वाचा. आधी आयत आहे का विचारलं आणि हो आलं की थांबलं, तर चौरसालाही आयत म्हणूनच छापतो. उत्तर खोटं नाही पण लोकांना सगळ्यात नेमकं नाव हवं असतं. म्हणून सगळ्यात कडक अट पहिली, चौरस, मग आयत आणि समभुज, मग समांतरभुज, मग बाकीचे. मुलीच्या पेपरात पण दोन प्रकारचे प्रश्न वेगळे करायला शिकवा, हा चौकोन कोणता असं विचारलं तर सगळ्यात नेमकं नाव लिहायचं, यातले आयत कोणते असं विचारलं तर गटात बसणारे सगळे लिहायचे.

पुढे दहावीला गणित भाग २ मध्ये निर्देशक भूमितीत हेच परत येतं. दोन उदाहरणं देतो ठेवा जपून. बिंदू (०,०), (५,०), (८,४), (३,४). चारही बाजू ५ येतात. पोरं तिथेच चौरस लिहून मोकळी. कर्णांचे वर्ग काढा, एक ८०, दुसरा २०. समान नाहीत, म्हणजे समभुज आहे, चौरस नाही. आता (०,०), (४,१), (३,५), (-१,४) घ्या. बाजूंचे वर्ग चारही १७, कर्णांचे वर्ग दोन्ही ३४. हा चौरस, तिरका ठेवलाय म्हणून डोळ्याला चटकन दिसत नाही एवढंच. वर्गमूळ काढायच्या भानगडीत पडायचंच नाही, वर्गच एकमेकांशी ताडून बघायचे.


खडूफळा:
बिंदूरेषा यांनी कर्णांचं इतकं छान सांगितलंय की मी शिकवत होतो तेव्हा हे हातात असायला हवं होतं.

समलंबाचं सांगतो. इथे दोन्ही मुलं आपापल्या पुस्तकाप्रमाणे बरोबर आहेत, व्याख्याच दोन आहेत. आपल्या बोर्डाच्या पुस्तकात संमुख बाजूंची फक्त एकच जोडी समांतर असेल तर समलंब असं आहे. त्या ‘फक्त’ शब्दामुळे समांतरभुज बाहेर पडतो कारण त्याच्या दोन जोड्या समांतर. सीबीएसईला चालणाऱ्या एनसीईआरटीच्या पुस्तकात एक जोडी समांतर असलेला चौकोन एवढंच म्हटलंय, ‘फक्त’ हा शब्द नाही, त्यामुळे मावसभाऊ समांतरभुजालाही आत घेतो. जगभर दोन्ही व्याख्या चालतात. हिने स्टेट बोर्डाच्या पेपरात आणि शिष्यवृत्तीत आपल्या पुस्तकाप्रमाणेच लिहावं, समांतरभुज हा समलंब नाही.

माझं स्वतःचं मत विचाराल तर मला एनसीईआरटीची व्याख्या जास्त आवडते. समलंबाच्या क्षेत्रफळाचं सूत्र घ्या, समांतर बाजूंची बेरीज गुणिले उंची भागिले दोन. समांतरभुजात दोन्ही समांतर बाजू सारख्या असतात, सूत्रात टाका, पाया गुणिले उंची मिळतं. आयताला टाका, लांबी गुणिले रुंदी. सूत्र स्वतःच सांगतंय की हे सगळे एकाच घरातले, मग व्याख्येने का तोडायचं? शिवाय आपल्या पुस्तकात पतंगाची जी व्याख्या आहे, एक कर्ण दुसऱ्याचा लंबदुभाजक, तिच्याप्रमाणे समभुज चौकोन हा पतंग ठरतो आणि चौरससुद्धा. म्हणजे पतंगाला आत गट चालतो, चौरस आयताला चालतो, आणि समलंबापाशी येऊन मात्र दार बंद. हे मुलांना खटकतं आणि खटकणं रास्त आहे.

समद्विभुज समलंबाचं मात्र जपून. समांतरभुजाला समलंबात घेतलं आणि समद्विभुजाची व्याख्या नुसती उरलेल्या दोन बाजू समान अशी ठेवली, तर प्रत्येक समांतरभुज हा समद्विभुज समलंब होऊन बसतो आणि समद्विभुज समलंबाचे कर्ण समान असतात हा गुणधर्मच मोडतो. म्हणून तिथे पायालगतचे दोन कोन समान अशी अट घालावी लागते. व्याख्या बदलली की तिच्यामागे काय काय हलतं ते असं बघावं लागतं, हे आठवीच्या मुलीला कळेल असं मला वाटतं, ती बऱ्यापैकी तयार आहे.


चाळीसगावकर:
शिष्यवृत्तीचं म्हणालात म्हणून दोन फसवे पर्याय सांगून ठेवतो. संमुख बाजूंची एक जोडी समांतर आहे आणि तीच जोडी समान आहे, तर चौकोन समांतरभुज होतोच, हे प्रमेय नववीला आहे. पण एक जोडी समांतर आणि दुसरी जोडी समान असं दिलं तर होईलच असं नाही, समद्विभुज समलंब मध्ये येतो. वाचताना एका शब्दाने फसतं, तीच की दुसरी.

याहून अवघड म्हणजे संमुख बाजूंची एक जोडी समान आणि संमुख कोनांची एक जोडी समान. वाटतं की नक्की समांतरभुज असणार, मोठी माणसंही हो म्हणतात. पण नाही. कागदाचा समद्विभुज त्रिकोण कापा, दोन बाजू १० सेंटीमीटर, पाया १२. पायावर मध्यबिंदू सोडून एक खूण करा, एकीकडे ५ दुसरीकडे ७. शिरोबिंदूपासून त्या खुणेपर्यंत कापा. आता एक तुकडा पालथा करून त्याच कापलेल्या कडेला परत चिकटवा, पण वरचं टोक खाली आणि खालचं वर येईल असा. जो चौकोन तयार होतो त्यात १० च्या दोन बाजू समोरासमोर, पायाचे दोन समान कोन समोरासमोर, आणि उरलेल्या दोन बाजू ५ आणि ७. समांतरभुज कसा होणार तो. कात्रीने करून बघितल्याशिवाय खरं वाटत नाही, म्हणून करायलाच सांगा.


बिंदूरेषा:
हा तुकडा उलटा करायचा प्रकार भारी आहे, मी पण आत्ता कागद कापून बघितला.

अजून एक कात्रीशिवायचं देतो तिला. कसाही वेडावाकडा चौकोन काढायचा, एकही बाजू दुसरीसारखी नको, चारही बाजूंचे मध्यबिंदू पट्टीने घेऊन क्रमाने जोडायचे. आत समांतरभुजच येतो, कायम. फ्रान्सचा पिएर व्हारिन्यों, त्याचं हे प्रमेय १७३१ मध्ये छापून आलं. नववीला त्रिकोणाच्या दोन बाजूंचे मध्यबिंदू जोडणारा प्रमेय येतो त्यावरून दोन ओळीत सुटतं, कारण आतली प्रत्येक बाजू बाहेरच्या एका कर्णाला समांतर आणि त्याच्या निम्मी असते. आतल्याचं क्षेत्रफळ बाहेरच्याच्या बरोबर निम्मं.

यावर मग तिला विचारा की आत समभुज यायला बाहेरचे कर्ण कसे पाहिजेत, आयत यायला कसे पाहिजेत. समान कर्ण असले की आत समभुज, काटकोनात असले की आत आयत, दोन्ही असलं की आत चौरस. आणि त्यासाठी बाहेरचा चौकोन स्वतः चौरस असायची काही गरज नाही, वर सांगितलेल्या सारख्या लांबीच्या, काटकोनात पण छेदबिंदू सरकवलेल्या दोन रेघा घेतल्या तरी आत चौरस येतो, पट्टी आणि कोनमापकाने मोजून बघायला सांगा तिला.